पडला गा, ऊठ

तांडापेठ, नागपूर
२२ मे १९८८

दादा,

मायना लिहीत नाही. आठ महिन्यांत तू एक ओळ पाठवली नाहीस, तेव्हा माझ्याकडून शिरसाष्टांग नमस्काराची आशा ठेवू नकोस. तुझा पुण्याचा पत्ता टेलिफोन एक्स्चेंजमधल्या गोपिकाकडून काढला. पुष्पलताची मैत्रीण म्हणून ती आधी द्यायलाच तयार नव्हती. मी तीन वेळा तिच्या खिडकीशी जाऊन उभी राहिले, तेव्हा कुठे कागदावर लिहून दिला. बाबांना हे माहीत नाही.

पत्राचं कारण तू कॉम्प्युटरवर बनवलेला डाव. तुझा कॉम्प्युटर तू ठेवून गेलास तिथेच आहे. हातमागाचा खड्डा बुजवून आपण फरशी टाकली ना, तिच्यावर टेबल, टेबलावर टीव्ही, टेप आणि ते रबराच्या बटणांचं यंत्र. बाबांनी ते फेकायचं काढलं होतं. टीव्हीला जोडलेलं आहे, काढलं तर टीव्ही जळेल, असं मी ठोकून दिलं. रविवारी सकाळी अर्धी गल्ली टीव्हीसमोर बसते, त्यामुळे टीव्ही जळणं बाबांना परवडणारं नाही.

मी खेळते. दुकानातून आले की अर्धा तास. तू सुरू करायच्या बटणांवर माझ्या टिकल्या लावून ठेवल्यास, मोठी आधी, लहान शेवटी, त्या अजून आहेत. डाव चढेपर्यंत टेप पाच मिनिटं किंचाळते आणि मग तो माणूस येतो, बाबांसारखा सायकलवर, तांडापेठेतून वाडीच्या गोदामाला निघालेला. समोरून ट्रक. पहिल्यांदा तू दाखवलास तेव्हा ट्रकखाली आल्यावर काय लिहून येतं ते तू मोठ्यानं वाचलंस, "मेला गा!" आणि आई पोळपाट टाकून धावत आली होती. "घरातला मानूस रोज त्याच रस्त्यानं जाते अन् तू त्याले मेला म्हून राहिला?" दुसऱ्या दिवशी तू ते बदललंस. पडला गा, ऊठ. मग मी भांडले की मी काय गा आहे का? म्हणून तू सुरुवातीलाच विचारायची सोय केलीस, खेळणारा गा की खेळणारी वं. इंग्रजी जी वर लाल टिकली, व्ही वर हिरवी. तेव्हापासून यंत्र मला "पडली वं, ऊठ" म्हणतं आणि आपल्या दोघांचे आकडे वेगळे ठेवतं. किती वेळा पडला, किती वेळा पहिल्यापासून निघाला, किती वेळा वाटेत रविनगरला टेपवर ठेवलेला डाव अर्ध्यातून उचलला. तू म्हणाला होतास की डाव मागे नेता येतो, आकडा नाही.

तू गेलास तेव्हा गा चा आकडा २१४ होता. मला पक्का आठवतो, कारण माझा १५० होता आणि मी तुला चिडवलं होतं. आठ महिने २१४ जागचा हलला नाही. हलणार कसा, घरात वं एकटीच. काल पाहिलं तर २३१.

मी नाही. मी कधी लाल टिकली दाबत नाही. मग घरात गा उरतो एकच, दादा.

आई बरी आहे. चिठ्ठीचं तिनं अजून मनातून काढलेलं नाही. तू पुष्पलताची चिठ्ठी तिच्याजवळ ठेवायला दिलीस, तिला अक्षर ओळखू येत नाही, डब्यात मीठ बांधायला कागद सापडेना म्हणून तिनं नेमका तोच घेतला, आणि बाबांनी वाडीला डबा उघडून मिठाच्या पुडीवर तुझं नाव वाचलं. त्यांनी तुला घराबाहेर काढलं, झालं ते झालं. त्यात तिचा काय दोष? पण आता घरात कागदाचा चिटोरा दिसला की ती तो घेऊन माझ्याकडे येते, बसचं तिकीट का असेना. "हे पाय वं, कामाचं आहे का?" मी म्हणते, नाही, फेक. तरी ती फेकत नाही.

कौसल्या


१९ जून १९८८

दादा,

उत्तर नाही. ठीक आहे, मी लिहीत राहीन, टपालखात्याचं तरी भलं होईल.

२६८. आणि अजून एक ऐक. गा च्या खात्यात "पडला" वाढतं, "पहिल्यापासून" वाढतं, पण "अर्ध्यातून" तसूभर वाढलेलं नाही. तू गेलास तेव्हा जेवढं होतं तेवढंच. म्हणजे जो कोणी खेळतो तो रविनगरला ठेवलेला डाव उचलतच नाही. पडला की पुन्हा तांडापेठ. असा हट्टी माणूस आपल्या घरात कोण आहे ते मी सांगायला हवं का? माग होता तेव्हा काठात एक धागा चुकला तरी बाबा चुकलेल्या जागेपर्यंत उकलून थांबत नसत. काठ सुरू झाला तिथवर उकलत. आई म्हणायची, या माणसाचं निम्मं आयुष्य विणण्यात गेलं आणि निम्मं उकलण्यात. माझं तर उलट, माझं "अर्ध्यातून" एकशे नव्वदच्या वर गेलं आहे. आधी पार केलेला रस्ता पुन्हा कोण तुडवणार?

बाबा तोंडानं काही बोलत नाहीत. सकाळी डबा घेऊन सायकलवर वाडीला, संध्याकाळी परत. सोमवारी गोदाम बंद असतं आणि मी दुकानात असते. माझा अंदाज आहे की ते सोमवारी खेळतात. आई समोर बसून पाहत असेल आणि मला सांगत नसेल. ती नवऱ्याची गुपितं अशी पोटात ठेवते की खोदून निघायची नाहीत.

ते तुझ्या डावाला हात लावतात, दादा. तुझं नाव काढत नाहीत, पण तू बनवलेल्या रस्त्यानं दोनशे अडुसष्ट वेळा पडून उठले आहेत. (त्यातले दोनशे चौदा तुझे, ते वजा कर. हिशेबात तू चांगला आहेस.) मी म्हणते, महालक्ष्म्यांना ये. दोघं या. पुष्पलताला घेऊन ये. बौद्धाची मुलगी महालक्ष्म्यांच्या आरासेत कशी बसेल, हा प्रश्न गल्लीला पडू दे. आपल्याला नको.

माझं विचारलं नाहीस तरी सांगते. उमरेडची मंडळी आता कायमची फिरली. त्यांच्या मुलाचं दुसरीकडे जमलं. तुझ्या लग्नाचं कानावर गेल्यावर त्यांनी "पाहू, पाहू" सुरू केलं होतं, ते आता संपलं. मी तुला दोष देत नाही, हे खरंच लिहिते आहे. मला त्या मुलाचा चेहरासुद्धा नीट आठवत नाही. फक्त त्याच्या आईनं मला चालून दाखवायला लावलं होतं ते आठवतं.

कौसल्या


३ ऑगस्ट १९८८
(हे टाकलं नाही)

दादा,

तुझं पत्र आलं. चार ओळी, पण आलं. "बाबाच खेळतात हे नक्की का? नक्की असेल तर महालक्ष्म्यांना दोघं येतो. नसेल तर मला बोलावू नको, कौसे. पुष्पलताला पुन्हा त्या दारातून परत आणायची माझी हिंमत नाही."

मी तीन वेळा वाचलं. सोमवारी ते पर्समध्ये घालूनच दुकानात गेले. गांधीबागेत पोचले तर शेठजींच्या घरी मयत झालेली, दुकान बंद. अकराच्या आत मी परत गल्लीत होते आणि बाहेरूनच टेपचं किंचाळणं ऐकू आलं. मनात म्हटलं, आज बाबांना रंगेहात धरते. चप्पल काढून हळूच आत गेले.

बाबा नव्हते. सोमवार असूनही गोदामावर माल आला म्हणून त्यांना बोलावणं आलं होतं. टेबलासमोर खुर्चीवर पाय वर घेऊन आई बसली होती. पदर कमरेला खोचलेला, एक बोट लाल टिकलीवर. सायकलवाला निघाला आणि दुसऱ्याच ट्रकखाली गेला. आई म्हणाली, "ऊठ बापा, ऊठ." आणि पुन्हा सुरू केलं.

मी हाक मारली तेव्हा ती दचकली नाही. "आली का? जेवली का?" एवढंच विचारलं. तुला शिकवलं कोणी, असं मी म्हटलं तर मला म्हणाली, "रवि करे तवा मी पाहत नोती का? मोठी टिकली आधी, लहान मांगून. शेवटी टेपाचं ते लाल बटन अन् बाजूचं, दोन्ही संगं दाबाचे, नाहीतर आकडा राहत नाही." अर्ध्यातून उचलायचं तिला कोणी दाखवलं नव्हतं, म्हणून ती दर वेळी घरापासून निघते. एवढंच होतं ते. मी तुला काठ आणि उकलणं काय काय लिहून बसले!

"पण लाल काहून दाबतं वं तू? हिरवी दाब ना," मी म्हटलं.

तिनं टीव्हीवर बोट ठेवलं. "तो गेला तवा इथं बदक, काठी अन् खुर्ची होती." २१४, दादा. तिनं तो आकडा चित्रासारखा पाहून ठेवला होता. "तुह्या खालचं रोज बदले. त्याचं तसंच. आठ महिने पायलं मी. घरातून मानूस गेला अन् त्याचं आंगन कोनी झाडलं नाही असं वाटे. मंग म्हटलं आपनच हालवाव. माह्या हातानं गेला ना तो. ती चिठ्ठी मीच बांधली मिठाले. मले तर कागद उचलल्याची याद बी नाही, पन उचलला असन, नाहीतर कसा जाईन?"

मी काय बोलायला हवं होतं ते मला माहीत आहे. मी बोलले नाही. स्वयंपाकघरात जाऊन पाणी प्यायले. काय बोलायचं होतं ते इथेही लिहीत नाही.

आता तुला काय कळवू? आई खेळते म्हणून लिहिलं तर तू येणार नाहीस. तू आला नाहीस तर ती अशीच पडत राहील.


४ ऑगस्ट १९८८

दादा,

हो. नक्की. बाबाच. या.

कौसल्या


२६ सप्टेंबर १९८८

दादा,

हे पत्र फाडू नकोस. आधी वाच, मग फाड.

तू रिक्षात बसलास तेव्हा माझ्याकडे पाहिलं नाहीस. मी तुझ्या जागी असते तर मीही पाहिलं नसतं. ३ ऑगस्टचं एक पत्र सोबत जोडलं आहे, तेव्हा लिहिलेलं आणि न टाकलेलं. ते वाचलंस की कळेल की मला माहीत होतं. बाबा कधीच खेळले नव्हते आणि ते माहीत असून मी तुला "नक्की" लिहिलं. तुला बोलावून आणलं, वहिनींना बोलावून आणलं, आणि त्या अंगणात उभं केलं.

मला वाटलं होतं, तुम्ही दोघं समोर दिसलात की बाबा वितळतील. मग डाव कोण खेळलं ते कोण विचारतं? माझं असंच असतं. पुढचं पुढे पाहू.

तुला आठवत असेल, पण मला लिहायचं आहे. वहिनी आईजवळ बसून लसूण सोलत होत्या. बाबा आले, सायकल भिंतीला लावली, पाय धुतले, ओट्यावर बसले. ओरडले नाहीत तेव्हाच मी मनात नारळ फोडला. वहिनींनी आतून पाण्याचा लोटा आणून त्यांच्यासमोर धरला. बाबांनी तो घेतला. घेतला, दादा, हे तूही पाहिलंस. आणि ओट्यावर बाजूला ठेवून दिला.

तेवढ्यानं तुला धीर आला असावा. तू हसून म्हणालास, "बाबा, माहा डाव कसा वाटला?"

"कोनता डाव?"

"आता लपवून काय राहिले? आकडा बोलते ना. सव्वाशेच्या वर वेळा पडले तुम्ही अन् सव्वाशे वेळा उठले."

बाबांना कळेना. तू त्यांना आत नेलंस, सुरू करून दाखवलंस. हा तुम्ही, ही तुमची सायकल, हा अमरावती रोड, हे ट्रक. तुझ्या चेहऱ्यावर काय आनंद होता! आणि सायकलवाला ट्रकखाली गेला.

बाबा टीव्हीजवळ सरकले. मग म्हणाले, "सोळा वर्सं झाले, वाडीले जाऊन राहिलो. माग बंद पडला तवापासून. ट्रकाच्या मधून, पावसापान्यात. एकबी डाव पडलो नाही. तुमच्या पोटासाठी पडलो नाही. अन् तू मले पाडून राहिला? खेळ म्हून? बापाले ट्रकाखाली घालाचा खेळ केला पोट्ट्यानं."

"बाबा, तसं नाही जी, तुम्हीच तर खेळले..."

"मी त्या डबड्याले हात नाही लावला. कोन सांगतलं तुले?"

तेव्हा तू माझ्याकडे पाहिलंस. मी खाली पाहिलं. आई दारात उभी होती. मग तुझा आवाज चढला, त्यांचा चढला, आणि वहिनी लसणाचं ताट खाली ठेवून पिशवी आणायला आत गेल्या. त्यांना कोणी काही सांगायची गरज पडली नाही.

आता तू गेल्यानंतरचं.

बाबा पुन्हा ओट्यावर जाऊन बसले. लोटा तिथेच होता. आई बाहेर आली. तिनं तो उचलला, बाबांच्या समोर उभं राहून तोंडाला लावला आणि सगळा प्यायली. तिनं आयुष्यात बाबांसमोर असं उभं राहून पाणी प्यायलेलं मी पाहिलं नव्हतं. गल्लीतले चार जण पाहत होते. लोटा खाली ठेवून ती म्हणाली, "मी खेळली."

"कायले?"

"पोरगं कुठं पडते अन् कसं उठते, ते पाहत होती."

बाबा म्हणाले, "तुले त्यातलं काय समजते?"

"मले काही नाही समजत. मले कागद नाही समजत, आकडा नाही समजत. तुमी तर वर्सभर तेच म्हून राहिले. पन उठता येते एवढं समजलं. तुमाले तेवढं बी नाही समजलं."

बाबा उठून आत गेले. जेवले नाहीत. आकडा मागे नेता येत नाही म्हणालास, पण टेपच्या मागच्या बाजूला तुझा जुना डाव आहे, आकड्यासकट, २१४ वाला. तो चढवला असता तर आईचं सगळं पडणं पुसून गेलं असतं आणि कोणी कोणाला काही विचारलं नसतं. तू यायच्या आधी चार दिवस ते माझ्या डोक्यात घोळत होतं. केलं नाही. चांगुलपणा म्हणून नाही, तू येणार म्हणून आई रोज आकड्याकडे पाहून हसायची, म्हणून.

मला माफ कर असं लिहीत नाही. कशाकशाची माफी मागायची ते अजून पूर्ण लिहून झालेलं नाही.

वहिनींना सांग, लसूण आईनं तसाच ताटात ठेवला होता, दोन दिवस. मग भाजीत घातला.

कौसल्या


१४ ऑक्टोबर १९८८

दादा,

उत्तर आलं. अक्षर तुझं नव्हतं, वहिनींचं होतं. "आईंना पाठवा. स्टेशनवर मी येते." चिठ्ठीवर तुझी सहीसुद्धा नाही, पण पाकिटावरचा पत्ता तू लिहिलास हे मी ओळखलं.

आईला वाचून दाखवलं. तिनं पुन्हा वाचायला लावलं. मग तिनं बाबांना सांगितलं, "मी जाऊन राहिली पुण्याले." बाबा म्हणाले, "जा." ते रागानं म्हणाले की कसे, मला सांगता येत नाही. सायकलची साखळी साफ करत होते, मान वर केली नाही. तुझं नाव त्यांनी अजून काढलेलं नाही आणि काढतील असं खोटं मी आता लिहिणार नाही. एक मात्र घडलं. काल मला म्हणाले, "तुही माय त्यात वाडीपोत पोचली का कधी?" मी म्हटलं, नाही, लॉ कॉलेज चौकाच्या पुढे नाही गेली. ते म्हणाले, "तिथं डाव्या अंगानं राहा लागते. सांग तिले." बस्स, एवढंच. मी सांगितलं, तर आई म्हणाली, "आता सांगून राहिले!"

आई उद्या महाराष्ट्र एक्सप्रेसनं निघते आहे. शेजारचे भैय्याजी लेकीकडे पुण्याला चालले आहेत, त्यांच्या सोबतीनं. सोबत चिवडा, तुझे जुने स्वेटर आणि वहिनींसाठी तिच्या पेटीतलं हिरवं लुगडं आहे. तिच्या लग्नातलं, बाबांनी विणलेलं. ते मला मिळेल असं मी धरून चालले होते. असू दे.

हे पत्र टपालात टाकत नाही. आईच्या हातात देते आहे. तिनं ते घडी करून पदराच्या गाठीत बांधलं आहे आणि तिला वाटतं यात गाडीचा नंबर आणि तुझा पत्ता आहे.

यात हे आहे.

चिठ्ठी आईनं मिठाला बांधली नव्हती. मी बांधली होती.

गेल्या वर्षी, तू पुष्पलताचं आईला सांगितलंस त्याच्या चौथ्या दिवशी. आईनं चिठ्ठी पेटीत त्याच हिरव्या लुगड्याखाली ठेवली होती. मी ती वाचली. दसऱ्यानंतर उमरेडची मंडळी सुपारी फोडायला यायची होती. मला वाटलं, तू कोर्टात जाऊन लग्न केलंस तर माझं मोडणार. बाबांना आधी कळलं तर ते तुला दोन शिव्या घालतील, तू महिनाभर रुसशील आणि निदान माझं होईपर्यंत थांबशील. सरळ बाबांच्या हातात द्यायची माझी छाती नव्हती. आई नळावर गेली होती. डब्यात मिठाची पुडी तिनं आधीच बांधून ठेवली होती, पंचांगाच्या जुन्या पानात. मी ती सोडली, मीठ चिठ्ठीत ओतलं, पुन्हा तशीच बांधली. पंचांगाचं पान चुलीत घातलं. सगळ्याला तीन मिनिटंसुद्धा लागली नाहीत.

मला वाटलं नव्हतं की बाबा तुला घराबाहेर काढतील. आणि मला वाटलं नव्हतं की आईवर येईल. पण पहिल्यांदा बाबा तिच्यावर ओरडले, "तुले कागद बी कळत नाही," तेव्हा मी तिथेच पोळी लाटत होते. ती म्हणाली, "माह्या हातून झालं असन." मी पोळी लाटत राहिले. त्या दिवशी बोलले असते तर एक दिवसाचं खोटं होतं. आज ते तेरा महिन्यांचं झालं आहे. तुला लिहिलेल्या पहिल्याच पत्रात मी तिचा दोष नाही असं लिहिलं आणि तिच्याच गळ्यात घातला. ती सगळी पत्रं काढून पाहा. मी प्रत्येक वेळी अर्ध्यातून सुरू केलं आहे, तू गेलास तिथून. त्याच्या आधीचं मी कधी लिहिलंच नाही.

ती तिथे पोचल्यावर तुझ्यापुढे हात जोडेल. माझ्या हातानं तू गेलास म्हणेल. तिला म्हणू देऊ नकोस. आधी जेवायला घाल, प्रवासात ती काही खात नाही. मग हे पत्र तिच्यासमोर वाच. वहिनी बसल्या तरी चालतील, त्यांचाही त्यात हक्क आहे. मीच सांगायला हवं होतं, मला कळतं. काल रात्रीपासून आज दुपारपर्यंत चार वेळा तिच्यासमोर बसले, आणि चारही वेळा तिनं मलाच विचारलं, "तू एकटी कशी राहशीन वं?" मी उठून तिची पिशवी पुन्हा भरायला घेतली.

भराभर वाचू नकोस. तिला नागपुरीत सांग, पुण्याचं बोलशील तर तिला वाटेल सरकारी कागद आहे. मिठाचं आलं की थांब, तिला समजलं का ते पाहा. ती विश्वास ठेवणार नाही. म्हणेल, माझी पोरगी असं करणार नाही. तेव्हा तिला सांग की कौसल्येनं स्वतःच्या अक्षरात लिहिलं आहे, आणि पंचांगाचं पान तिनं चुलीत घातलं.

मग ती काय बोलते ते मला कळव. काही बोलली नाही, तर तेही कळव.

कौसल्या